तामेकिचीचा मफलर

१४ जुलै, सोमवार

माझी बायको शेवंती ह्या डायरीची पानं फाडून डब्यांच्या तळाशी घालते. जानेवारी ते जून असेच गेले. उरलेलं वर्ष आज मी तिच्याकडून मागून घेतलं. कशाला हवं म्हणून विचारलं तिने. मी म्हटलं, एक माणूस मिळालाय, त्याच्याबद्दल लिहून ठेवायचंय. "आता ह्या वयात?" म्हणाली आणि कुकर लावायला गेली.

माणूस जपानी आहे. तामेकिची ओकिशिमा. एका मराठी ॲपवाल्यांनी जुन्या काळ्या-पांढऱ्या जपानी चित्रपटांचं गाठोडं विकत घेतलंय आणि ते मराठीत बोलतं करायचं काम वर्सोव्याच्या आमच्या स्टुडिओकडे आलंय. हिरोंचे आवाज तरुण पोरं देणार. माझ्यासारख्याच्या वाट्याला हवालदार, दुकानदार, म्हातारे आणि गर्दी. पण रेवती, म्हणजे आमची डबिंग डायरेक्टर, म्हणाली, "काका, हा एक ॲक्टर सात पिक्चरमध्ये आहे. रोल सगळे छोटे, पण आवाज सगळीकडे एकच पाहिजे ना. तुम्हीच करा."

अठ्ठावीस वर्षं झाली मला ह्या धंद्यात. पडद्यावर नट ओठ हलवतो आणि काचेच्या खोलीत उभे राहून आम्ही त्या ओठांवर शब्द बसवतो. आज कोळी, उद्या पाद्री, परवा बोलणारा टोमॅटो. कुणीतरी एक पूर्ण माणूस आपल्याला मिळाला, असं कधी झालं नव्हतं. एकदा झालं होतं, पण तो माणूस नव्हता, अस्वल होतं. त्याचं पुढे कधीतरी.

आज पहिला रोल झाला. लढाई संपल्यावर परत आलेला शिपाई. मोडक्या स्टेशनात उभा राहून येणाऱ्या-जाणाऱ्यांना विचारतो, "अहो, माझ्या गावचं कुणी आहे का?" तीनदा विचारतो. कुणी वळूनसुद्धा बघत नाही. एवढंच काम. पण तिसऱ्यांदा विचारताना त्याचा आवाज जिथे फाटतो ना, तिथे माझ्या अंगावर काटा आला. माझाही आवाज तिथेच फाटला, मुद्दाम न फाडता. रेवती खूश. "काका, काय टेक्श्चर आहे यार!"

ते टेक्श्चर महिना-दीड महिना तसंच आहे, हे मी तिला सांगितलं नाही. स्टुडिओतला एसी. तिथे मटण ठेवलं तर आठवडाभर टिकेल.

१८ जुलै, शुक्रवार

जपानी कंपनीकडून तामेकिचीबद्दल काही मिळतं का बघ, म्हणून रेवतीच्या मागे लागलो होतो. आज तिने मोबाइलवर दाखवलं. जेमतेम चार ओळी. एका बंदराच्या गावचा. युद्धातून परत आल्यावर स्टुडिओत लागला. 'मोठ्या खोलीतला नट' होता. मेला कधी, तर माहीत नाही.

मोठी खोली म्हणजे काय, ते रेवतीने वाचून सांगितलं. हिरो-हिरोइनला स्वतंत्र खोल्या असायच्या आणि बाकी सगळे फुटकळ नट एकाच मोठ्या खोलीत रंग लावून बसलेले असायचे. बोलावणं आलं की जायचं, मार खायचा, मरायचं, परत येऊन बसायचं.

मला एकदम लालबाग आठवलं. बाबा गिरणीत होते तेव्हा आमच्या गावच्या लोकांची तिथे एक खोली होती. पाळ्यांप्रमाणे झोपायचे. एक उठून गेला की त्याच्या गरम अंथरुणावर दुसरा आडवा. आणि गावचा कुणी आजारी पडला तर दुसरा त्याच्या साच्यावर, म्हणजे मागावर, बदली म्हणून उभा राहायचा, जागा जाऊ नये म्हणून. बरा होऊन आला की बदली गुपचूप बाजूला. बाबा सांगायचे, "बदलीवाल्याचे आभार मानूचे नसतत. आज तो, उद्या आपण."

घाटकोपरला पंतनगरात राहायला आल्यावर बाबांना तीच खोली आठवायची. इथे शेजाऱ्याचं नाव दारावरच्या पाटीवरून कळतं.

आज तामेकिची हवालदार होता. दोन वाक्यं आणि एक शिट्टी.

२५ जुलै, शुक्रवार

तिसरा चित्रपट. तामेकिची मासे विकतो. गल्लीतून ओरडत येतो आणि हिरोइनच्या घरासमोर त्याची टोपली उलटते. काय ओरडतो तो! पोटातून. मी पाच-सहा वेळा केलं, आरोळी चढेचना. शेवटी रेवतीने दोन तुकड्यांत घेतलं. घसा सोलून निघाला. डाव्या कानातही ठणकतंय, हेडफोन बदलून द्यायला सांगितलं पाहिजे. एकाच बाजूला दाबतो तो.

संध्याकाळी घरी पोचलो तर शेवंतीने दारातच विचारलं, "खय ठेवून इलात आवाज?" मी म्हटलं, मासे विकले आज. ती हसली नाही. "कधीपासून सांगतय, डाक्टराक दाखवा." ज्येष्ठमध आहे, खडीसाखर आहे, गरम पाण्याच्या गुळण्या चालू आहेत. डॉक्टर ह्याहून वेगळं काय देणार? शिवाय तो म्हणेल बोलणं बंद ठेवा. अजून चार चित्रपट बाकी आहेत.

अस्वलाचं लिहूनच टाकतो, कारण आज तो भेटला. श्यामसुंदर पाध्ये. बोरिवलीचा. आम्ही दोघं एकाच वर्षी ह्या धंद्यात आलो, एका वडापावचे दोन तुकडे करून खाल्ले. मग मला गब्दू अस्वल मिळालं. रोज संध्याकाळी मुलांच्या चॅनेलवर. सोसायटीतली पोरं मला गब्दूकाका म्हणायची. त्या वर्षी गणपतीला मी गावी गेलो. कोकणातला माणूस गणपतीला गावी जातो, त्यात विचारायचं काय? पण चॅनेलवाल्यांना त्याच आठवड्यात भाग हवे होते. परत आलो तेव्हा गब्दूच्या माइकसमोर श्याम उभा होता. आणि वर माझी नक्कल करून, हुबेहूब माझ्या आवाजात. चॅनेलला फरकच कळला नाही. मग त्यांनी त्यालाच ठेवलं, तो बोरिवलीहून केव्हाही येऊ शकतो म्हणून. तेव्हापासून आमचा अबोला आहे. म्हणजे माझा आहे. तो बोलतो.

आज गल्लीच्या तोंडाशी चहा पीत उभा होता. "काय रे चंद्या, घसा बसलाय?" मी मान फिरवून मेट्रोच्या जिन्याकडे गेलो. जिन्यावर खोकला आला. मागे वळून पाहिलं तर तो कप हातात धरून माझ्याकडेच बघत होता. आवाज चोरणाऱ्याला माझ्या घशाची काय काळजी?

१ ऑगस्ट, शुक्रवार

चौथा आणि पाचवा असे दोन्ही चित्रपट ह्या आठवड्यात उरकले. चौथ्यात तामेकिची गुत्त्याचा मालक आहे. खदाखदा हसतो. त्याचं हसणं दाताच्या मागून येतं, ते जमायला वेळ लागला. हसल्यावर मला जोराचा खोकला आला आणि रुमालावर थोडं लाल दिसलं. आरोळी ठोकली तेव्हाच घसा सोलला होता, तीच जखम असणार. शेवंतीला दाखवलं नाही. रुमाल मीच धुतला.

पाचव्यात मात्र त्याला फार काम नाही. खरं तर गोष्टीत तो गावचा पाटीलबिटील आहे, भांडण सोडवायला बोलावतात त्याला, पण बोलतात सगळे बाकीचे. तो मान हलवतो, "हं" म्हणतो आणि शेवटी एक वाक्य, तेही पुटपुटल्यासारखं. दिग्दर्शक कच्चा असणार. सीन भर उन्हाळ्यातला आहे, सगळ्यांच्या हातात पंखे, कपाळावर घाम, आणि ह्याच्या गळ्यात जाडजूड मफलर! कपडेपटवाल्याला कुणी विचारलं नाही?

रेवती म्हणाली, "काका, तुमचा तो हं एकदम परफेक्ट बसला." अर्थात बसणार. ओठ बंद असताना बसवायचं काय कठीण आहे?

८ ऑगस्ट, शुक्रवार

माझं डोकं ठिकाणावर नाही.

सहावा चित्रपट सुरू केला. तामेकिची शाळामास्तर झालाय, मफलर आहेच, आणि पहिल्यांदाच त्याला पानभर संवाद आहेत. गावातली मुलं युद्धात मेली, त्यांची नावं घेतो. मी खूश होऊन हेडफोन चढवला, मूळ जपानी आवाज ऐकू लागलो आणि तिथेच थांबलो. हा आवाज त्याचा नाही.

रेवतीला काही कळेना. "काका, सेमच तर आहे." सेम आहेच. कुणीतरी अगदी तंतोतंत नक्कल केलीय. तसाच खर्ज, तसंच शब्दाच्या शेवटी खाली येणं. पण श्वास त्याचा नाही. तामेकिची श्वास वाक्याच्या आधी घेतो, एकदाच, बुडी मारायला निघालेल्या माणसासारखा. हा मध्ये मध्ये चोरून घेतो. पाच चित्रपट मी त्या माणसाच्या श्वासावर उभा आहे, मला नको सांगायला.

म्हणजे तिथेही हेच. बिचाऱ्याला आयुष्यात एकदा मोठा संवाद मिळाला आणि कुणीतरी त्याच्या तोंडातून तो काढून घेतला. असेल कुणी त्या मोठ्या खोलीतलाच. शेजारी बसून रंग लावणारा. मी रेवतीला म्हटलं, चोर आहे हा चोर. ती म्हणाली, "काका, चिल. साठ-पासष्ट वर्षं झाली. टेक घेऊया?"

टेक घेतला. दुसऱ्या नावावर माझा आवाज गेला. म्हणजे बसला नाही, गेलाच. तोंड उघडं आणि नुसती हवा. रेवतीने पाणी दिलं, वाफ घ्यायला सांगितलं. "पुढच्या आठवड्यात करू काका. तोवर सातवा बघून ठेवा, त्यात तुम्हाला आराम आहे."

आराम म्हणजे काय ते बघितलं. सातव्या चित्रपटात तामेकिची नावाडी आहे. हिरोइनला पैलतीरी सोडतो. एक शब्द नाही. ती त्याच्याशी बोलत राहते, रडते, आणि हा वल्हं मारतो. नदी काचेसारखी स्थिर, पान हलत नाही, आणि ह्याचा मफलर मात्र गळ्याशी फडफडतोय. ते जाऊ दे. माझा संताप वेगळा आहे. सहाव्यात आवाज काढून घेतला, सातव्यात शब्दच काढून घेतले. छोट्या माणसाने तक्रार केली असेल, मग गप्प बसवला त्याला.

१३ ऑगस्ट, बुधवार

आवाज येतो नि जातो. सकाळी थोडा असतो.

बाजारातून लवकर परतलो तर शेवंती फोनवर होती. "तुमीच सांगा भावजी त्यांका. माझा आयकनत नाय." मला बघून फोन ठेवला. गावी माझ्या धाकट्या भावाशी बोलत असणार, गणपतीच्या गाडीचं. मी म्हटलं, तिकिटं काढली का विचारलंस? तर पदराने डोळे पुसत आत गेली. तिला वाटतंय मी ह्या वर्षी कामामुळे गणपतीला येणार नाही. असं कसं होईल?

तिचं समाधान व्हावं म्हणून पुढच्या आठवड्यात डॉक्टरकडे जायचं कबूल केलंय.

२० ऑगस्ट, बुधवार

घाटकोपर स्टेशनजवळचा कान-नाक-घसावाला. तरुण आहे. नाकातून बारीक नळी घातली आणि समोरच्या पडद्यावर माझा घसा दाखवला. अठ्ठावीस वर्षं ज्याच्यावर जगलो ते मी आज पहिल्यांदा पाहिलं. दोन पांढऱ्या पट्ट्या असतात, दरवाजासारख्या उघडतात आणि मिटतात. माझी डावीकडची मिटत नाही. तिच्यावर काहीतरी वाढलंय, फ्लॉवरच्या तुऱ्यासारखं.

"किती दिवस आवाज असा आहे?"

मी म्हटलं, एसीमुळे मे-जूनपासून.

"कान दुखतो?"

हेडफोनमुळे, म्हटलं. तो शेवंतीकडे बघत राहिला. विडी ओढायचो का, विचारलं. सोडून बारा वर्षं झाली. त्याने तेही लिहून घेतलं.

तुकडा काढून तपासायला पाठवायचाय. तोवर बोलायचं नाही, कुजबुजायचं तर अजिबात नाही.  रिक्षात शेवंती माझा हात धरून बसली. लग्नाला तेहतीस वर्षं झाली, रस्त्यात तिने माझा हात कधी धरला नव्हता. मला भीती वाटली ती तेव्हा, पडद्याकडे बघताना नाही.

२७ ऑगस्ट, बुधवार. गणेश चतुर्थी

गावी गेलो नाही. बाबा गेले त्या वर्षीसुद्धा गेलो होतो. भावाने व्हिडिओ कॉल लावला, आरती दाखवली. दरवर्षी पहिली ओळ मी उचलतो. आज कुणीतरी भलत्याच पट्टीत उचलली आणि पुढे सगळ्यांचीच वाट लागली. मी इथे हातात टाळ घेऊन नुसता उभा.

दुपारी करमेना म्हणून लॅपटॉप उघडला. रेवतीने सगळे चित्रपट पाठवून ठेवलेत. आवाज बंद करून तामेकिचीचे तुकडे पहिल्यापासून लावले. का, ते माहीत नाही. आवाज ऐकवत नव्हते.

गुत्त्याच्या मालकाचं हसणं संपतं तिथे त्याचा हात गळ्याकडे जातो. डावीकडे. दोन बोटं जबड्याखाली दाबून धरतो. पाचव्यात, पंचायतीच्या सीनमध्ये, तो गिळतो तेव्हा डोळे मिटतो. तसे मी हल्ली भात गिळताना मिटतो.

मी हे सगळं आधीही पाहिलं होतं. म्हणजे माझ्या समोर होतं. पण आमच्या धंद्यात बघायचे असतात ते ओठ. कधी उघडतात, कधी मिटतात. बाकीचा माणूस असला काय, नसला काय. शिपाई, हवालदार, मासेवाला, सात वेळा ह्या माणसाच्या तोंडाकडे टक लावून बसलो आणि बोटभर खाली गळ्याकडे एकदाही पाहिलं नाही.

कुणी त्याला गप्प केलं नव्हतं. तो आजारी होता. तो मफलर कपडेपटाचा नव्हता, त्याचा स्वतःचा होता.

शेवंती मोदकाचं ताट घेऊन आली. बारीक करून, दुधात कालवून. मी तिला स्क्रीनवरचा त्याचा गळा दाखवला आणि मग माझा. ती म्हणाली, "माका म्हायत हा."

२ सप्टेंबर, मंगळवार

रिपोर्ट आला. जे आहे तेच आहे. परळच्या मोठ्या हॉस्पिटलात ऑपरेशन. स्वरयंत्र पूर्ण काढावं लागेल. उशीर झालाय, थोडं आधी आला असतात तर, असं डॉक्टर म्हणाले आणि वाक्य सोडून दिलं.

स्वरयंत्र. हा शब्द मी एका जाहिरातीत बोललो होतो, खोकल्याच्या गोळ्यांच्या.

शेवंतीने विचारलं, काय पाहिजे तुमका? मी कागदावर लिहिलं, सातवा चित्रपट. नावाडी. त्यात बोलायचं नाही. ते मला करून जायचंय. बाकी कशाचं काही नाही, सहाव्याचं रेवती बघेल. दुसऱ्या कुणाचा आवाज घातला असेल. आता मी कोण बोलणार?

खोटं लिहिलं. वाईट वाटतं. फार वाईट वाटतं. पाच ठिकाणी तो माझ्या आवाजात बोलला आणि पानभर संवाद मिळाला तिथे तिसराच कुणी. त्याच्याही जागी आणि माझ्याही.

९ सप्टेंबर, मंगळवार

सकाळी आधी वर्सोव्याच्या धक्क्यावर गेलो. नावाड्याचा श्वास कसा असतो ते ऐकायचं होतं. मढला जाणारी फेरीबोट इंजिनावर चालते, तिथे ऐकायला डिझेलशिवाय काही नाही. बोंबील वाळत होते त्या बाजूला एक म्हातारा होडी वल्हवत काठाला आणत होता. त्याच्या जवळ जाऊन उभा राहिलो. ओढताना श्वास आत, सोडताना बाहेर, आणि मध्ये एक जरासा अडकतो. "काय बघतंस रं?" म्हणाला. मी छातीवर हात ठेवून दाखवलं. त्याला वाटलं मला धाप लागलीय, पाणी दिलं.

स्टुडिओत रेवतीने मला बघून तोंड फिरवलं. मग डोळे पुसून म्हणाली, "चला काका, रोल करू." मी माइकसमोर उभा राहिलो आणि नदी ओलांडून नेली. ओढ, सोड, ओढ, सोड. हिरोइन रडते तिथे त्याचं वल्हं क्षणभर थांबतं, तिथे मीही थांबलो. एकाच टेकमध्ये झालं. काचेपलीकडे सगळे उभे राहिले होते.

जाताना ती म्हणाली, "थांबा ना काका. सहावा ऐकून जा."

नको म्हणून हात हलवला, पण तिने लावलाच. शाळामास्तर उभा राहिला आणि बोलायला लागला. माझ्या आवाजात. मी न बोललेली वाक्यं, एकेक नाव, माझ्या खर्जात, शेवटी जिथे मी खाली येतो तिथे खाली येत. तिसऱ्याच नावाला मला कळलं. शेवटच्या शब्दाआधी नाकातून घेतलेला एक छोटा श्वास. वडापावचा तुकडा तोंडात असतानाही तो असाच घ्यायचा.

संवादाच्या कागदावर लिहिलं, 'श्याम?'

रेवतीने मान हलवली. "त्यांनीच फोन केला. दोन पूर्ण दिवस बसले होते काका, तुमचे जुने टेक ऐकत. क्रेडिटमध्ये नाव तुमचंच ठेवायचं म्हणाले. माझं आलं तर मी पाय ठेवणार नाही इथे, म्हणाले."

घरी आलो. शेवंतीपुढे तोच कागद धरला. ती भाजी निवडत राहिली. "होय. मीच फोन करी होतंय त्यांका," म्हणाली. मग सुरी खाली ठेवली. "अस्वलाच्या वेळी तो तुमच्याच आवाजात बोललो. स्वतःच्या आवाजात कित्याक नाय बोललो, कधी इचार केल्यात?"

केला नव्हता. बदली. जागा जाऊ नये म्हणून साच्यावर उभा राहिलेला बदली. मी परत आल्यावर चॅनेलवाल्यांनी त्याला सोडलं नाही, हे त्याने तेव्हा दहा वेळा सांगायचा प्रयत्न केला होता. गिरणीवाल्याच्या पोराला हे कळायला नको? आणि तिकडे जपानात, त्या मोठ्या खोलीत, मास्तरचे संवाद बोलणारा तो? मी त्याला चोर म्हटलं. त्याला जेमतेम महिना झाला. इथे श्यामला मी नऊ गणपती चोर म्हणत आलो.

फोन हातात घेतला. त्याचा नंबर अजून पाठ आहे. लावला. त्याने उचलला. "हॅलो, चंद्या? चंद्या, तू आहेस ना?"

बोलायला तोंड उघडलं. नुसती हवा. तो ऐकत राहिला, मी श्वास घेत राहिलो. मग मलाच सहन झालं नाही, फोन ठेवला.

२२ सप्टेंबर, सोमवार. परळ

अजून फार वेळ बसवत नाही, म्हणून थोडंच.

झालं. गळ्याच्या तळाशी भोक आहे, आता श्वास तिथूनच घ्यायचा आणि तिथूनच सोडायचा. नाक-तोंड नुसतं शोभेला. भोकावर धूळ जाऊ नये म्हणून पातळ फडकं बांधलंय. सकाळी शेवंतीने आरसा धरला. श्वास सोडला की फडकं हलतं. खिडकी बंद, पंखा बंद, आणि फडकं हलतंय.

नदी काचेसारखी होती. पान हलत नव्हतं.

म्हणजे नावाड्याच्या वेळी मफलरखाली तामेकिचीचंही हेच झालेलं होतं. तरी वल्हं मारायला आला. आणि मी त्याचे सगळे श्वास तोंडाने दिले. चुकले. पुन्हा करून द्यायला हवेत, रेवतीला सांगायला हवं. आता मला बरोबर जमतील.

इथे मोठी खोलीच आहे. दोन्ही बाजूंना खाटा, सगळ्यांच्या गळ्यांना फडकी. कुणीच बोलत नाही. भेटायला येणारेसुद्धा हळू बोलायला लागतात.

दुपारी चारला भेटायची वेळ झाली. शेवंती खाली चहाला गेली होती. मी डोळे मिटून पडलो होतो आणि व्हरांड्यातून मला माझा आवाज ऐकू आला. जुना, मे महिन्याच्या आधीचा. वॉर्डच्या दारातून, थोडा फाटलेला, जिथे फाटायला हवा तिथेच.

"अहो, माझ्या गावचं कुणी आहे का?"

नर्स ओरडली, इथे आवाज करू नका. तरी पुन्हा आला. दारात श्याम उभा होता. केस पार पांढरे झालेत त्याचे, आज पहिल्यांदा नीट पाहिले. हातात वडापावची पुडी, जी मला महिनोन्‌महिने खाता येणार नाही. खाटांवरची सगळी माणसं त्याच्याकडे बघत होती. तो एकेक गळा बघत येत होता, मी कुठला ते त्याला ओळखू येत नव्हतं. तिसऱ्यांदा विचारताना मात्र आवाज त्याचा स्वतःचा झाला.

मी हात वर केला.